पायाच्या नखाची किंमत

एखाद्याला अगदी तुच्छ ठरवायचे असले, की आपण मराठी माणसे म्हणतो, "त्याच्या पायाच्या नखाचीही सर तुला यायची नाही!" माणसाच्या देहातली सर्वांत क्षुल्लक वस्तू कोणती, असा प्रश्न आपल्या वाडवडिलांना पडला असेल, तेव्हा त्यांना पायाचे नखच आठवले. मलाही ते क्षुल्लकच वाटत होते. पण ते गेल्या वर्षीच्या नरक चतुर्दशीपर्यंत.

आमचे घर मूळचे मालवणकडचे. मुंबईत येऊन तीन पिढ्या झाल्या, तरी नरक चतुर्दशीच्या पहाटे अभ्यंगस्नान झाल्यावर तुळशीपुढे कारीट फोडायची चाल आमच्याकडे अजून मोडलेली नाही. कारीट म्हणजे लहानसे, कडूजार रानफळ. ते नरकासुर समजून डाव्या पायाच्या अंगठ्याने चिरडायचे आणि "गोविंदा, गोविंदा!" म्हणून आरोळी ठोकायची. आता चौथ्या मजल्यावरच्या गॅलरीत तुळशीची कुंडी ती केवढी आणि आमचा नरकासुर तो केवढा! पण मुलांना त्यात भारी मौज वाटते. पहिला मान अर्थातच घरातल्या वडीलधाऱ्यांचा, म्हणजे माझ्या सासऱ्यांचा. त्यांना आम्ही सारे नाना म्हणतो.

नानांनी कारीट चिरडले, मुलांनी इमारत दणाणून सोडली आणि सगळे फराळाला आत वळले. माझी धाकटी मात्र तिथेच उभी राहिली.

"आजोबा, तुमच्या पायाला रांगोळीचा रंग लागलाय."

तो रांगोळीचा रंग नव्हता. नानांच्या अंगठ्याचे नख उलटे होऊन एका बाजूने लोंबत होते आणि फरशीवर रक्ताची ओली पावले उमटली होती. आम्ही सारे धावलो. कोणी हळदीचा डबा आणला, कोणी कापूस आणला. नाना मात्र खाली वाकून पाहत राहिले आणि नवल वाटल्यासारखे म्हणाले, "अरेच्चा! मला तर काही कळलंच नाही."

आमचे डॉक्टर शेजारच्याच इमारतीत राहतात. सणाच्या दिवशी, अर्धी करंजी ताटात तशीच टाकून ते आले. जखम पाहत त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "नाना, किती दुखलं?"

"मुळीच नाही हो, डॉक्टर! तुम्ही उगाच धावत आलात."

डॉक्टर माझ्याकडे वळून म्हणाले, "वहिनी, हे दुखलं असतं ना, तर मी पट्टी बांधून नानांना चिवड्याला बसवलं असतं. दुखलं नाही, याचीच मला काळजी आहे."

नानांना पंधरा वर्षांचा मधुमेह. पायांच्या नसांवर त्याचा परिणाम झाला होता, संवेदना हळूहळू गेली होती आणि घरातल्या आम्हा कोणाला त्याचा पत्ता नव्हता. खोदून विचारल्यावर आणखी एक गोष्ट बाहेर आली. ते नख त्या दिवशी निघाले नव्हतेच. सहा-सात महिन्यांपासून ते टोकाकडून सुटत चालले होते. सकाळच्या फेरीसाठी ह्यांनी हौसेने आणलेले बूट नानांना किंचित आखूड होत होते. पण "पोरानं प्रेमानं आणले आहेत" म्हणून ते बोलले नव्हते. नख पांढरे पडले, मग पिवळे पडले, तशी नानांनी घरातही मोजे घालायला सुरुवात केली. आम्हाला वाटले, म्हातारपणी थंडी वाजते!

त्या दिवसापासून मी आमच्या डॉक्टरांना आणि पुढे त्यांनी ज्यांच्याकडे पाठवले त्या त्वचारोगतज्ज्ञ बाईंना इतके प्रश्न विचारले, की त्या एकदा हसून म्हणाल्या, "आता तुम्हीच पाटी लावा." पाटी काही मी लावली नाही, पण जे समजले ते चार घरांत पोचावे, म्हणून हा लेख.

नख म्हणजे काय?

आपल्याला वाटते, नख म्हणजे बोटाच्या टोकावरचा एक कडक तुकडा. वस्तुतः तो एका छोट्या कारखान्याचा माल आहे. बोटाच्या कातडीखाली, नखाच्या बुडाशी, हा कारखाना असतो. त्याला आपण नखाचे मूळ म्हणू. हाताच्या अंगठ्यावर बुडाशी जी फिकट चंद्रकोर दिसते, ती या मुळाचाच बाहेर डोकावणारा भाग होय. तिथे पेशी तयार होतात, कडक होतात आणि मागून येणाऱ्या पेशींच्या रेट्याने पुढे सरकतात. केस आणि गाईचे शिंग ज्या केराटिन नावाच्या द्रव्याचे बनलेले असते, त्याचेच नखही बनलेले असते. म्हणून नख कापताना दुखत नाही. तो भाग निर्जीवच असतो.

नखाच्या खाली मात्र जिवंत, गुलाबी कातडीची गादी असते. नखाच्या खालच्या अंगाला आणि या गादीला उभ्या बारीक खाचा असतात. त्या एकमेकींत बसलेल्या असतात. सरकते दार जसे खाचेतून पुढे जाते पण निखळत नाही, तसे नख पुढे वाढते पण सुटत नाही. टोकाशी, जिथे नख बोट सोडून बाहेर पडते, तिथे कातडीची एक बारीक कड असते. पाणी, माती आणि जंतू यांना आत शिरू न देणारी ती राखणदार. ही राखणदार एकदा फाटली, की नख सुटायला सुरुवात होते.

सुटलेले नख पांढरे का दिसते, याचे उत्तरही यातच आहे. गुलाबी रंग नखाचा नसतो, खालच्या गादीचा असतो. दोहोंच्या मध्ये हवा शिरली, की तेवढा भाग पांढरट दिसू लागतो. त्या पोकळीत ओल साचून विशिष्ट जंतू वाढले तर हिरवट झाक येते. बुरशी वाढली तर नख पिवळट, जाड आणि ठिसूळ होते. रक्त साकळले तर जांभळे-काळे होते. नखाचा रंग म्हणजे त्याच्याखाली काय चालले आहे, याची बातमी असते.

नख सुटते का?

सर्वांत नेहमीचे कारण म्हणजे मार. त्यातला एक मार आपल्याला कळतो: उंबऱ्याची ठेच लागते, दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावरचा पितळी डबा पायावर येतो, लोकलच्या गर्दीत एखादे गृहस्थ आपल्या अंगठ्यावर उभे राहून वर पेपर वाचत असतात! नख काळे पडते आणि काही आठवड्यांनी निघून येते.

दुसरा मार मात्र कळत नाही. कारण तो थोडाथोडा आणि रोज बसतो. आखूड किंवा निमुळत्या बुटात प्रत्येक पावलाला अंगठ्याचे नख पुढच्या चामड्यावर आपटते. मैलभर चालण्यात अशी हजारभर पावले तरी पडतातच. रविवारी सिंहगड चढून येणाऱ्या तरुणांना याचा अनुभव असेल. गड चढताना नख दुखत नाही, उतरताना दुखते. कारण उतरणीवर सारा पाय बुटात पुढे सरकतो आणि देहाचा भार बोटांच्या टोकांवर येतो. लांब पल्ल्याच्या शर्यती धावणाऱ्यांची नखे काळी पडतात, तीही याच कारणाने.

तिसरे कारण पाणी. भांडी, धुणे, फरशी यांत ज्यांचे हातपाय सदा ओले असतात, त्यांची नखे मऊ पडून टोकाशी सुटू लागतात. पावसाळ्यात ओल्या मोज्यांनी दिवसभर कचेरीत बसणाऱ्यांचीही तीच गत. बोटांच्या बेचक्यांत चिखल्या होतात, आपण त्यांच्याकडे दुर्लक्ष करतो आणि तीच बुरशी पुढे नखाखाली मुक्काम ठोकते. आषाढीच्या वारीत भर पावसातून सुमारे अडीचशे किलोमीटर चालून आलेल्या पायांना तर ओल आणि मार या दोहोंचा प्रसाद एकदमच मिळतो.

बुरशीविषयी एक गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. खराब झालेले प्रत्येक नख बुरशीनेच खराब झालेले असते, असे नाही. नखाच्या तक्रारींपैकी साधारण निम्म्या बुरशीच्या असतात. उरलेल्या निम्म्या नसतात. म्हणून दिसले पिवळे नख की लाव मलम, हा धंदा खरा नव्हे. नखाचा तुकडा तपासून बुरशी आहे की नाही हे ठरवता येते, आणि ते ठरल्यावरच महिनोन्‌महिने घ्यायची औषधे सुरू करण्यात अर्थ असतो.

याखेरीज सोरायसिससारखे त्वचेचे विकार आहेत. त्यांत नखावर सुईने टोचल्यासारखे बारीक खड्डे पडतात आणि नख सुटते. थायरॉइड ग्रंथी फार जोरात काम करू लागली तरी नखे सुटू शकतात. काही औषधांनी, विशेषतः कर्करोगावरच्या काहींनी, हे होते. हौसेने लावलेल्या नकली नखांचा डिंक, वरचेवर लावलेला आणि खरवडून काढलेला नखरंग, नखाखाली टोकदार काडी घालून 'स्वच्छता' करण्याची सवय, यांनीही ती राखणदार कड फाटते. एकाच बोटाचे नख सुटले असेल तर बूट आणि मार आठवून पाहावा. हातापायांची पुष्कळ नखे एकदम सुटू लागली, तर कारण शरीराच्या आत शोधावे, असा आमच्या तज्ज्ञ बाईंचा ठोकताळा आहे.

आता तरुण आयांसाठी एक दिलासा. लहान मुलांना 'हँड, फूट अँड माउथ' नावाचा आजार होतो; ताप येतो, तोंडात, तळहातांवर आणि तळपायांवर फोड येतात, आठवड्याभरात मूल बरेही होते. आणि मग महिन्या-दोन महिन्यांनी, आजार विसरल्यावर, एकाएकी मुलाची नखे बुडापासून सुटून गळू लागतात! आई घाबरीघुबरी होते. पण आजारात नखाचा कारखाना काही दिवस बंद पडला होता, त्याची ही उशिरा पोचलेली बातमी असते. खालून नवे नख आलेले असते. मुलाला दुखत नाही आणि औषधही लागत नाही.

सुटलेले नख पुन्हा चिकटते का?

हा प्रश्न मी पहिल्याच आठवड्यात विचारला, आणि उत्तर ऐकून निराश झाले. नाही, गादीपासून सुटलेला भाग पुन्हा चिकटत नाही. चिकटपट्टी लावा, तेल लावा, नवस करा. मुळापासून नवे नख वाढून पुढे यावे लागते आणि तेच येताना गादीला धरून येते. आपल्या हाती दोनच गोष्टी असतात: सुटण्याचे कारण दूर करणे आणि वाट पाहणे.

वाट तरी किती पाहायची? हाताचे नख महिन्याला सुमारे तीन मिलिमीटर वाढते. ते पुरते बदलायला सहा महिने लागतात. पायाच्या नखाची चाल याच्या निम्म्यानेही नसते. पायाच्या अंगठ्याचे नख पूर्ण यायला बारा ते अठरा महिने लागतात, आणि वय वाढते तशी ही चाल आणखी मंदावते.

हे कोणी मोजले असेल, असे वाटेल. अमेरिकेतल्या डॉ. विल्यम बीन नावाच्या एका चिवट गृहस्थांनी तब्बल पस्तीस वर्षे आपल्याच डाव्या हाताच्या अंगठ्याचे नख मोजले! बुडाशी एक रेघ करायची आणि ती सरकत सरकत कडेला पोचायला किती दिवस लागतात ते टिपून ठेवायचे, हा त्यांचा नेम. १९८० साली त्यांनी हा हिशेब प्रसिद्ध केला. वयाच्या बत्तिसाव्या वर्षी त्यांचे नख दिवसाला ०.१२३ मिलिमीटर वाढत होते. सदुसष्टाव्या वर्षी ते ०.०९५ मिलिमीटरवर आले होते. नानांना मी हे वाचून दाखवले, तेव्हा ते म्हणाले, "म्हणजे म्हातारपण आधी नखालाच कळतं म्हणायचं!"

मग करावे काय?

नख सुटू लागले असेल, तर सुटलेला भाग जपून, थोडाथोडा कापून आखूड ठेवावा. लांब ठेवला, तर तो मोज्यात, चादरीत अडकून उरलेलेही नख उचकटतो. कापताना जिथे ते गादीला चिकटलेले आहे तिथवर ओढाताण करू नये. खाली काडी, पिन, कर्कटक असले काही घालून कोरू नये. साफ करण्याच्या नादात आपण सुटण्याची रेषा आणखी मागे नेत असतो. पाय धुतल्यावर तो भाग टिपून कोरडा करावा. नखरंग लावून सुटलेले नख झाकू नये. झाकले की आत काय चालले आहे ते दिसत नाही.

ठेच लागून नख अर्धे उचकटले असेल, तर ओढून काढण्याचा पराक्रम करू नये. पाण्याने आणि साध्या साबणाने धुवावे, स्वच्छ कापड पाच-दहा मिनिटे दाबून धरावे, पाय उंचावर ठेवावा. जखमेत हळद, कॉफीची पूड, चुना भरू नये. आम्ही त्या दिवशी हळदीचा डबा आणलाच होता. डॉक्टरांनी तो तसाच स्वयंपाकघरात परत पाठवला. "भाजीत घाला, वहिनी. पूड भरली की मला खालची जखमच दिसत नाही." उघड्या पडलेल्या गादीवर थोडे पेट्रोलियम जेली लावून न चिकटणारी पट्टी बांधावी आणि ती रोज बदलावी. धनुर्वाताची सुई कधी घेतली होती, ते डॉक्टरांना सांगावे.

जड वस्तू पडून नखाखाली रक्त साकळले आणि ठणका असह्य झाला, तर पहिल्या एक-दोन दिवसांतच डॉक्टर नखाला बारीक छिद्र पाडून रक्त काढून देतात; ठणका तत्काळ थांबतो. पण सुई तापवून हा प्रयोग घरी करू नये.

बुरशी ठरली, तर पायाच्या नखांसाठी पोटात घ्यायचे औषध सामान्यतः तीन महिन्यांच्या आसपास चालते, आणि ते डॉक्टरांच्या देखरेखीखालीच घ्यावे लागते. गरज वाटल्यास ते यकृताची तपासणीही करून घेतात. औषध संपले तरी नख लगेच सुंदर दिसत नाही. बुरशी मरते, पण खराब झालेले नख वाढून निघून जायला त्याचा वेळ लागतोच. पुष्कळ लोक इथेच धीर सोडतात. शेजाऱ्याने सांगितलेली, तीन-चार औषधे एकत्र केलेली मलमे दुकानातून आणून चोळू नयेत. त्यांतल्या पुष्कळांत स्टेरॉइड असते. त्याने खाज तेवढी थांबते, बुरशी मात्र आतल्या आत फोफावते.

रोजची निगा

पूर्वी वाड्यात न्हावी येई, आणि दाढी झाली की नराणीने नखे काढून देई. आजी मंडळींचा दंडक असे, की दिवेलागणीनंतर नखे कापायची नाहीत. मिणमिणत्या उजेडात हत्याराने बोट कापू नये, एवढा शहाणपणा त्यात होताच. आज दिवा लख्ख आहे, पण बाकीचे नियम तसेच आहेत.

पायाची नखे सरळ कापावीत, कोपऱ्यांत खोल शिरू नये. नाहीतर नखाचा कोपरा मांसात रुततो. आंघोळीनंतर नखे मऊ असतात, तेव्हा ती चांगली कापली जातात. घरात एकाच्या नखाला बुरशी असेल, तर त्याचे नेलकटर निराळे ठेवावे. आंघोळीनंतर बोटांची बेचकी पुसावीत. अभ्यंगाचे तेल पायाला भरपूर जिरवावे, पण बेचक्यांत साचू देऊ नये. जोडवी घालणाऱ्या भगिनींनी ती कधीमधी काढून खालची जागा धुऊन कोरडी करावी. पाणी आणि साबणाचा लगदा तिथे फार अडकतो. मोजे रोज बदलावेत, बुटांचे दोन जोड असल्यास आलटूनपालटून घालावेत आणि भिजलेला जोड पुरता वाळल्याशिवाय पायात चढवू नये.

बूट विकत घ्यायला संध्याकाळी जावे. दिवसभराने पाय थोडे सुजलेले असतात, तेच त्यांचे खरे माप. उभे राहून पाहावे, सर्वांत लांब बोटापुढे बोटभर जागा मोकळी असली पाहिजे. हे लांब बोट पुष्कळांत अंगठा नसून त्याशेजारचे बोट असते! आणि बूट भेट म्हणून आणायचे असतील, तर ज्याला द्यायचे त्याला दुकानात बरोबर न्यावे. नवलाई थोडी कमी होईल, पण नख वाचेल.

एक काळा डाग

नखाखालचा काळा डाग बहुधा साकळलेल्या रक्ताचा असतो आणि नख वाढते तसा तो पुढे सरकत जातो. पण मार लागल्याचे आठवत नसताना आलेला, पुढे न सरकणारा, रुंद होत जाणारा किंवा बुडाच्या कातडीवर पसरणारा काळा पट्टा डॉक्टरांना दाखवलाच पाहिजे. क्वचित तो कर्करोग असतो. जमैकाचा जगप्रसिद्ध गायक बॉब मार्ली याच्या उजव्या पायाच्या अंगठ्याची तक्रार आधी फुटबॉलची दुखापत समजली गेली. १९७७ साली तो नखाखालचा कर्करोग असल्याचे कळले आणि १९८१ साली, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, तो गेला. घाबरवण्यासाठी हे लिहीत नाही. शंभर काळ्या नखांमागे असे एकही निघायचे नाही. पण दाखवायला काय हरकत आहे?

न दुखणाऱ्या पायांसाठी

आता ज्यासाठी मी लेखणी उचलली, ते सांगते. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या आय.सी.एम.आर.च्या पाहणीप्रमाणे आपल्या देशात मधुमेहाचे सुमारे दहा कोटी दहा लाख रुग्ण आहेत. म्हणजे हा अंक ज्या घरात जाईल, त्या घरात नाही तर शेजारच्या घरात, एक तरी नाना असणारच. मधुमेह बरीच वर्षे राहिला, की पायांच्या नसा हळूहळू बधिर होऊ शकतात. वेदना हा आपला पहारेकरी आहे; तो झोपी गेला की घरात कोण शिरले ते कळत नाही. सुटलेल्या नखाखाली जखम होते, ती दुखत नाही म्हणून माणूस तिच्यावरून चालत राहतो; रक्तपुरवठा कमी असला तर ती भरत नाही; जंतू शिरतात. आणि एक दिवस प्रश्न नखाचा राहत नाही, बोटाचा होतो, पावलाचा होतो.

त्या दिवशी डॉक्टरांनी नानांना डोळे मिटायला सांगितले आणि नायलॉनचा एक जाडसर धागा तळपायावर ठिकठिकाणी टेकवला. दहा ग्रॅम दाबाला तो वाकतो, एवढीच त्याची करामत. "लागलं की 'हो' म्हणा, नाना." धागा टेकत होता, वाकत होता आणि नाना गप्प होते. डोळे मिटलेले नाना "कधी सुरू करताय?" असे विचारू लागले, तेव्हा ह्यांनी तोंड फिरवले. एवढी साधी, दोन मिनिटांची तपासणी. पंधरा वर्षांत आम्ही एकदाही मागून घेतली नव्हती. मधुमेह असणाऱ्या प्रत्येकाने वर्षातून एकदा तरी ती करून घ्यावी.

अशा माणसाने घरातही अनवाणी फिरू नये. देवळाच्या तापलेल्या फरशीवर त्याचे तळवे भाजतात आणि त्याला पत्ताही लागत नाही. पाय शेकायला गरम पाणी घेऊ नये. आंघोळीचे पाणीही आधी कोपराने किंवा दुसऱ्याच्या हाताने पाहावे. बूट घालण्यापूर्वी आत हात घालून खडा, खिळा नाही ना हे चाचपावे. कुरूप ब्लेडने कापू नये. आणि नख सुटले, रंग बदलला, भोवती लाली किंवा ओल दिसली, तर दुखण्याची वाट न पाहता त्याच दिवशी डॉक्टरांकडे जावे. 'दुखत नाही, म्हणजे काही नाही' हे वाक्य आमच्या घरातून आता हद्दपार झाले आहे.

नानांची जखम भरायला पाच आठवडे लागले. नखात बुरशीही निघाली. तिचे औषध झाले. आखूड बूट ह्यांनी स्वतः उचलून टाकून दिले आणि नवे घ्यायला बापलेक दोघे मिळून संध्याकाळी दुकानात गेले. दर रविवारी सकाळी नाना खुर्चीत बसतात आणि माझी धाकटी चष्म्याच्या डब्यातले भिंग घेऊन त्यांचे पाय तपासते: तळवा, टाच, दाही बोटे, सगळी बेचकी. कॅलेंडरवर ती नखाची उंची मांडून ठेवते. डॉ. बीन यांची शिष्याच म्हणायची! हा लेख लिहिताना नवे नख पाऊण वाटेवर आले आहे. थोडे जाड, थोडे खडबडीत, पण गादीला घट्ट धरून.

परवा मी कारिटांचा विषय काढला, तेव्हा नाना म्हणाले, "सूनबाई, यंदा मान धाकटीचा. मी चपला घालून शेजारी उभा राहीन. गोविंदा म्हणून ओरडायचं काम माझं." मग जरा थांबून म्हणाले, "आणि डॉक्टरांना फराळाला बोलाव. गेल्या वर्षी त्यांची करंजी अर्धी राहिली होती."